सफरचंदाच्या गाडीची बादली

“आधी रोपांना, मग बैलांना, आणि उरलं तर आपल्याला.”

केझाया हॉकेट रोज संध्याकाळी असं सांगायची. तो आवाज माझ्या फळ्यांत पाण्यासारखा मुरला आहे. मित्रांनो, मी एक जुनी लाकडी बादली आहे. आज माझ्या आयुष्यातला मोठा दिवस आहे, म्हणून थोडं सांगते.

माझा जन्म आयोवातल्या एका गोठ्यात झाला. केझायाचे यजमान एनॉस यांनी ओकच्या चौदा फळ्या तासल्या, एकमेकींना भिडवल्या आणि वरून तीन लोखंडी पट्ट्या ठोकल्या. आत खिळा नाही की डिंक नाही. अशा बादलीचा एक स्वभाव असतो. ओली असेल तोवर तिच्या फळ्या फुगून एकमेकींना घट्ट धरून राहतात. कोरडी पडली की त्या आक्रसतात आणि फटी पडतात. फडताळात ठेवली तर ती बिघडते, रोज राबवली तर टिकते.

त्या वर्षी आमच्या भागातली बरीच घरं पश्चिमेला निघाली. ऑरेगनात जमीन काळी आहे आणि वाटेल तेवढी आहे, असं जो तो सांगत होता. कुणी गाडीत कपाट भरलं, कुणी घड्याळ. केझायाने एका अख्ख्या गाडीत दोन लांब पेट्या ठेवल्या. त्यांत माती आणि कोळशाची पूड भरली, आणि स्वतःच्या हाताने बांधलेली सफरचंदाची तीनशे कलमं लावली. ताफ्याचा कप्तान मॅकाल्पिन कमरेवर हात ठेवून बघत होता.

“झाडं चालत नाहीत, बाई,” तो म्हणाला. “म्हणून तर त्यांना झाडं म्हणतात.”

“म्हणूनच त्यांना गाडी दिलीय,” केझाया म्हणाली.

ताफा हसला. त्या दिवसापासून आमच्या गाडीला ‘बाईंची बाग’ हे नाव पडलं. मला मात्र फार अभिमान वाटे. रोज मुक्काम पडला की केझाया मला भरून आणायची, पेट्यांपाशी घटकाभर डोळे मिटून गप्प बसायची आणि मग ओंजळीने एकेका रोपाला पाणी घालायची. त्यांच्या पंथात देवाला हाका मारत नाहीत. शांत बसून तो काय सांगतो ते ऐकतात.

प्लॅट नदीच्या काठी केझायाला ताप आला आणि तिसऱ्या दिवशी ती गेली. तिला गाडीवाटेवरच पुरलं. मग सगळ्या गाड्या त्या मातीवरून नेल्या, म्हणजे लांडग्यांना जागा कळू नये. आमची गाडीही गेली. त्या संध्याकाळी तिच्या लेकीने, एकोणीस वर्षांच्या थर्झाने, कुणी न सांगता माझी कडी उचलली. आईचा नेम तिने एक दिवसही मोडू दिला नाही.

खरी परीक्षा स्नेक नदीपाशी आली. मित्रांनो, नदी दिसते आहे, तिचा आवाज ऐकू येतो आहे, आणि पाणी मात्र कड्याखाली खोल दरीत! चार दिवस आम्ही त्या कड्यावरून चाललो. पिंपातलं पाणी फक्त पिण्यापुरतं मिळे. थर्झा आपल्या वाट्याच्या पेल्यातलं अर्धं रोपांना घाली. मी गाडीखाली रिकामी लटकत होते. ऊन रणरणत होतं. माझा स्वभाव सगळेच विसरले होते.

चौथ्या दिवशी दोन बैल पडले. कप्तान एनॉसना बाजूला घेऊन म्हणाला की बागेच्या गाडीचे बैल आता माणसांच्या गाड्यांना हवेत. त्याचं चूक नव्हतं. बायको गेल्यापासून एनॉसही खचले होते. ते थर्झाकडे आले.

“उद्या सूर्य डोक्यावर येईतो थांबतो,” ते म्हणाले. “तोवर या मातीला पाणी मिळालं नाही, तर पेट्या इथेच. मला आणखी काही मागू नकोस, पोरी.”

सकाळी कड्यात एक अरुंद पायवाट सापडली आणि थर्झा मला घेऊन खाली उतरली. मला काठोकाठ भरलं आणि ती वर चढू लागली. वर पोचली तेव्हा माझ्या तळाशी ओंजळभर पाणी उरलं होतं. फळ्या सुटल्या होत्या, फटीफटीतून मी गळत होते. ती पुन्हा उतरली, पुन्हा चढली. पुन्हा तेच. मला इतकी लाज आयुष्यात कधी वाटली नव्हती.

खाली तिथल्या शोशोनी जमातीचे लोक सामन मासे पकडत होते. त्यांतली एक वयस्कर बाई मासे वाळत घालता घालता हे सगळं पाहत होती. नदीकाठच्या किल्ल्यावर आमच्याकडचे व्यापारी राहत, त्यांच्यामुळे तिला आमची भाषा थोडी येत होती. थर्झा तिसऱ्यांदा उतरली तेव्हा ती म्हणाली,

“नदीला फिरवून आणतेस की काय?”

थर्झा मटकन खाली बसली आणि रडू लागली. रडत रडतच तिने सगळं सांगितलं. बाईने मला हातात घेतलं, फटींतून पलीकडे पाहिलं, मला नदीत बुडवलं आणि आत एक मोठा धोंडा ठेवला.

“तहान हिला लागलीय. आधी हिला पिऊ दे.”

मग तिने आपली पाण्याची सुरई थर्झाच्या हाती दिली. वेताची विणलेली, आतून बाहेरून पाइनची राळ फासलेली. तिच्यातून थेंब गळत नव्हता. मित्रांनो, सूर्य डोक्यावर यायच्या आत थर्झाने त्या सुरईने तीन खेपा केल्या. पेट्यांतली माती काळी झाली. एनॉसनी ती चिमटीत धरून पाहिली आणि एक रिकामं पिंप घेऊन ते स्वतः खाली उतरले.

दुपारपर्यंत पाण्यात राहून माझ्या फळ्या फुगल्या. बाईने मला बाहेरून पुसून घेतलं, उरलेल्या फटींत गरम राळ भरली आणि परत दिलं. थर्झा तिला आपली शाल देऊ लागली.

“शाल आहे मला. वर गाडीत काय आहे?”

थर्झाने वाळूत एक गोल काढला आणि खाण्याची खूण केली.

“गोड?”

“गोड. थोडं आंबट. पहिल्या बहराचं तुम्हाला आणून देईन, मावशी. आणि एक रोपही.”

बाई पुन्हा माशांकडे वळली. “गाड्यांतले लोक बरंच काही बोलतात,” ती म्हणाली. “आणि पुढे जातात. परत येताना अजून कुणी दिसलं नाही.”

ऑक्टोबरात आम्ही विलामेटच्या खोऱ्यात पोचलो. एनॉसनी रोपं मोजली. तीनशेंपैकी एकशे चौऱ्याहत्तर उरली होती! ती मात्र सगळी जगली, सगळी फुटली. आणि या वर्षी, चौथ्या वर्षी, बाग लाल झाली. तीन खोऱ्यांतली माणसं बघायला आली. कित्येकांनी घर सोडल्यापासून सफरचंद हाती धरलं नव्हतं. एक म्हातारे तर न खाता नुसता वासच घेत उभे होते. कप्तान मॅकाल्पिनने एक फळ देठापर्यंत खाल्लं आणि थर्झाकडे बारा रोपं मागितली.

“झाडं चालत नाहीत ना, कप्तान?” ती म्हणाली.

“चूक झाली,” तो म्हणाला. मग त्याने माझ्याकडे पाहून टोपी काढली. बादलीपुढे टोपी काढणारा माणूस मी तरी दुसरा पाहिला नाही.

मित्रांनो, तुमच्या घरी एखादी जुनी वस्तू असेल तर तिला अडगळीत टाकू नका. तिच्याकडून रोज थोडं काम करून घ्या, तिला रोज थोडं पाणी दाखवा. आणि ज्यांच्या नदीचं पाणी पिऊन तुम्ही मोठे झालात, त्यांना विसरू नका. आमची बाग त्या बाईच्या राळेवर उभी आहे, हे या खोऱ्यात फार थोड्यांना ठाऊक आहे.

काल रात्रीच्या जेवणानंतर एनॉस म्हणाले की स्नेक नदीपर्यंतची वाट चार आठवड्यांची आहे, आणि ती बाई तिथे असेलच असं नाही. कदाचित विसरलीही असेल.

“ती विसरली असेल, बाबा,” थर्झा म्हणाली. “बोलले मी होते.”

आज पहाटे तिने माझ्यात ओली माती भरली आणि दोन कलमं लावली. गवतात गुंडाळलेली सफरचंदं खेचराच्या एका बाजूला बांधली, मला दुसऱ्या बाजूला. स्नेक नदीकाठच्या त्या किल्ल्याकडे माल नेणारा तांडा वेशीबाहेर थांबला होता. रस्त्यावर नव्या गाड्या येत होत्या, सगळ्यांची तोंडं पश्चिमेला. थर्झाने बागेचं फाटक हलकेच ओढून घेतलं, गाड्यांना वाट दिली आणि पूर्वेकडे चालू लागली.