कड्याखालची बंद वाट

"उचला ना ती दोरी, भाओजी. ताईचा शंख बघते आणि लगेच मागे फिरते," मेहुणी म्हणाली.

"वर अंडी आहेत. या दिवसांत मी कुणालाच सोडत नाही."

"मी काय कुणीतरी आहे? किल्ली तुमच्याच कमरेला, आणि वर म्हणे दार बंद!"

मी या अभयारण्याचा रखवालदार. हा चुनखडीचा कडा कधीकाळी समुद्राचा तळ होता. त्यातले शंखशिंपले दगड होऊन बसलेत. पायथ्याशी, हात पोचेल इतक्या उंचीवर, एक शंख आहे. बायको डबा घेऊन आली की त्याच्यावर तळहात टेकवायची. "माझ्याहून जुनं खोड आहे हे," म्हणायची. ती नुकतीच गेली. मेहुणीचं निमित्त झालं. खरं तर मलाच तिथे जायचं होतं. मी दोरी उचलली.

मेहुणीने शंखाला हात लावला आणि तिला रडू फुटलं. मग मी लावला. दगड गार होता.

तेवढ्यात डोक्यावर कर्कश ओरडा सुरू झाला. कितीतरी वर्षांनी यंदा ससाण्यांची जोडी वरच्या कपारीत बसली होती. मादी अंड्यांवरून उठून आमच्यावर घिरट्या घालत होती. त्याच क्षणी मागे फिरायला हवं होतं, हे मला कळत होतं. पण हात दगडावरून निघेना.

कावळा कपारीत उतरला. चोचीत अंडं धरून उडाला. मग दुसरा आला.

संध्याकाळी साहेब पाहणीला आले. दुर्बीण खाली घेऊन म्हणाले, "कपार रिकामी आहे. कोण शिरलं होतं आत?"

"आम्हाला तर कुणी दिसलं नाही बाई," मेहुणी घाईने म्हणाली.

"मीच गेलो होतो, साहेब. हिला घेऊन."

साहेबांचा चेहरा लाल झाला. "तुम्ही? अहो, कुंपणानेच शेत खाल्लं म्हणायचं!"

मेहुणीने रडत शंखाचं सांगून टाकलं. साहेबांचा आवाज एकदम खाली आला. "असू द्या. तुमच्यावर काय वेळ आली आहे, कळतं मला. कावळ्यांनी नेली असं वर कळवतो."

"हे माझ्या बायकोवर नका घालू, साहेब."

"मी कुठे त्यांचं नाव घेतलं?"

घेतलं नव्हतं. पण सुटलो होतो तो तिच्या मरणामुळेच. आणि पूर्वी इथे ससाणे बसायचे, तेव्हा अंड्यांच्या दिवसांत ती स्वतः दोरीपाशी डबा ठेवून, कड्याकडे लांबूनच बघून परत जायची. "उगाच बिचारीला उठवायला नको," म्हणायची.

"माझ्या नावाने कळवा," मी म्हणालो. साहेब जीपमध्ये बसले.

मादी अजून त्या रिकाम्या कपारीत येऊन बसते. ऊन आलं की पंख जरासे पसरते. लोक दोरीपाशी थांबून विचारतात, "काका, ससाणा कुठे दिसतो हो?"

मी वर न बघताच बोट दाखवतो.