तिसाव्या माठातलं पाणी

उमरखेडजवळच्या आमच्या तांड्यावर सकाळी सातलाच रांग लागली होती. मंडपात ओळीनं तीस माठ आणि मागे दाढीवाले दशगुणी बाबा. पहिल्या माठात जडीबुटीचा काढा. त्यातला एक पेला दुसऱ्या माठात, वर नऊ पेले पाणी. दुसऱ्यातला एक पेला तिसऱ्यात. असं शेवटपर्यंत.

"हर माठात ताकद दसपट!" बाबा गरजले. "तिसावा माठ प्या, शुगर गायब. सुई फेकून द्या!"

टाळ्या पडल्या. मीही वाजवल्या, खोटं कशाला बोलू? पण रांगेतल्या नंदाबाईंनी बाबांचं ऐकून चार दिवसांपासून खरंच इन्सुलिन बंद केलं होतं. ओठ कोरडे, पाय लटपटत होते.

एवढ्यात त्यांची लेक उज्ज्वला आली. ती यवतमाळच्या कॉलेजात गणित शिकवते.

"याडी," ती आईला म्हणाली, "दवाखान्यात चाल."

"तिसावा माठ पिऊ दे न आधी."

उज्ज्वलानं पर्समधून खडू काढला. "शंभराचा लॉग दोन, हजाराचा तीन. एकावर जितकी शून्यं, तितका लॉग. पेलाभर काढ्यात कण समज एकावर पंचवीस शून्यं." तिनं पहिल्या माठावर पंचवीस लिहिलं. "दहानं भागलं की एक शून्य उडते." दुसऱ्यावर चोवीस, मग तेवीस. सव्विसाव्यावर शून्य आलं.

"म्हंजे काहीच नाही?" नंदाबाई.

"लॉग शून्य म्हंजे पेल्यात एक कण. अन् तिसाव्यावर वजा चार. दहा हजार पेले पिशीन, तवा एखादा कण भेटन."

"कण नसला तरी पाण्याले सारं आठवते!" बाबा ओरडले.

नंदाबाईंचे यजमान धनसिंग पुढे आले. "कपाशीच्या फवाऱ्यात दसपट पाणी जास्त पडलं तर अळी मरत नाही, हे मले बारा वर्षांपासून माहीत हाय. अन् इथं काहून नाही सुचलं? बाबा, पहिला माठ सगळ्यात कमजोर न? मंग पेलाभर तुमीच पिऊन दाखवा."

बाबांनी त्या काळ्या काढ्याकडे पाहिलं आणि गाडीची किल्ली शोधायला लागले. रांग खो-खो हसली.

नंदाबाईंना तीन दिवस दवाखान्यात ठेवावं लागलं. डॉक्टर म्हणाले, आणखी एक दिवस गेला असता तर हाती काही राहिलं नसतं.

म्हणून सांगतो, लॉग नाही आला तरी चालेल. पण सुई फेकण्याआधी, फवाऱ्याचा पंप भरताना वापरता ती अक्कल एकदा वापरा. टाळ्या वाजवण्याआधीही. हे मी स्वतःलाच आधी सांगतो आहे.