माझ्या पायऱ्या घासल्या कुणी?

मित्रांनो, मी एक जुना लाकडी घोडा आहे. रंगारी ज्यावर चढून छत रंगवतात, तो. हरभरे खात नाही, लाथ मारत नाही. आयुष्यात एकदाच मारावीशी वाटली, त्याचीच ही हकीकत.

एका रंगाऱ्याने जुन्या दाराच्या लाकडातून मला घडवलं. पायऱ्या आठ. त्याची मुलगी, म्हणजे आमच्या बाई, मला घेऊन निघाल्या तेव्हा तो म्हणाला, "ने, पण भिंत रंगव. हवा रंगवत बसू नकोस."

बाईंनी नेमकं नको तेच केलं. डोळ्यांवर पट्टी बांधून, अनवाणी, हातात रंगाचा डबा घेऊन त्या माझ्यावर चढत आणि खाली पसरलेल्या कापडावर रंग ओतत. माझ्या माथ्यावरचा कॅमेरा ते टिपत असे. चढणं हा प्रयोग, कापड हे चित्र आणि कॅमेऱ्यात उतरे तो चित्रपट. समीक्षकांनी त्याला 'अवकाशाची उकल' म्हटलं.

"मावशी, म्हणजे काय गं?" माझे पाय धरून बसणाऱ्या भाचीने विचारलं.

"मलाही कळलं नाही. पण ऐकायला बरं वाटतंय."

डोळे बांधून बाई पडत कशा नाहीत, हे मात्र कुणी विचारलं नाही. डबा हिंदकळून पायऱ्यांवर रंग सांडे आणि बाई तो पुसू देत नसत. तिसरीवर डावीकडे मसुरीएवढी गाठ, पाचवीवर खरखरीत ओघळ, सातवीवर तीन ठिपके. तळव्यांनी त्या मला वाचत. बत्तीस वर्षं.

मग बाईंच्या जन्मभराच्या कामाचं प्रदर्शन ठरलं. कलादालनाच्या संचालकांनी मला पाहून नाक मुरडलं. "पाहुणे येणार आणि हा असा बरबटलेला?" मला पॉलिशवाल्याच्या हवाली केलं. त्याने रंग घासून काढला आणि बत्तीस वर्षांचा एका दुपारीत भुसा झाला. त्यावर कडी म्हणजे माझ्यापुढे पाटी लावली: 'अस्सल मूळ वस्तू'. मी संतापून करकरलो. लाकडाच्या करकरण्याकडे कोण लक्ष देतो?

उद्घाटनाला बाई रीतीप्रमाणे आतूनच पट्टी बांधून आल्या. वय एकाहत्तर. मला पाहून भाची दचकली. "मावशी, हा घोडा..."

"श्श. प्रयोगात बोलायचं नाही."

पहिली पायरी. दुसरी. तिसरीवर डावा पाय गाठ शोधू लागला आणि पॉलिशवरून सटकला. मी चारही पाय जमिनीत रोवले, भाचीने घोटा धरला, म्हणून निभावलं.

बाईंनी पट्टी काढली. माझ्या गुळगुळीत पायरीवरून हात फिरवला.

"मॅडम, नवाकोरा करून दिलाय," संचालक हसत म्हणाले.

"माझ्या पायांनाही पॉलिश करायचं होतंत."

त्या खाली उतरल्या, डब्यात बोट बुडवलं आणि तिसऱ्या पायरीवर, डावीकडे, मसुरीएवढा थेंब सोडला.

"मॅडम, पॉलिश खराब होईल."

"होऊ दे. वाळायला दोन दिवस लागतील. पाहुण्यांना खुर्च्या द्या."

मित्रांनो, जुन्या वस्तू जरूर जपा. पण फडकं उचलण्याआधी, ती वस्तू रोज वापरणाऱ्या माणसाला एकदा विचारा. माझ्या अंगावर सध्या एकच ठिपका आहे. तो पुसायला कुणी आलंच, तर लाथेचं मी सुरुवातीलाच सांगून ठेवलंय.