बायजाबाईंची मुरड

मित्रांनो, मी एक जुनी काशाची वाटी आहे. माझ्या पोटातून एक तडा गेला आहे, म्हणून मला आता कोणी वाजवत नाही. वाजवलंच तर भद्द आवाज येतो. पण एके काळी गांधीबागेच्या मागच्या गल्लीत माझ्यासाठी माणसं जिना चढून येत असत.

भंडाऱ्याच्या भट्टीत मी ओतली गेले आणि गवतात गुंडाळून इतवारीच्या भांडेबाजारात आले. बायजाबाईंनी दुकानातल्या अकरा वाट्या बोटाच्या पेरानं वाजवून बाजूला सारल्या. बारावी मी. दुकानदार वैतागला. "बाई, तेल लावून पाय घासाले कोनतीबी वाटी चालते," तो म्हणाला. बाई नुसत्या हसल्या आणि मला पदरात गुंडाळून निघाल्या.

त्यांनी सांगितलं नाही ते मी सांगते. बायजाबाई दिवसा कापडाच्या दुकानांसाठी साड्यांना फॉल लावत आणि संध्याकाळी लोकांवर टाकलेले मंत्र मोडत. त्यांच्या विद्येचं नाव मुरड. कापडाची सुटी कड आत दुमडली की धागा उसवत नाही, तसंच ते होतं. ज्याच्यावर मंत्र पडला असेल तो मला तोंडाशी धरून तीन श्वास सोडायचा. मंत्र माझ्या पोटात उतरून गुणगुणू लागायचा. मग बाई माझ्या काठावरून अंगठा फिरवत मंत्राचा पहिला शब्द शोधत आणि त्याचं शेवटचं टोक त्या शब्दाला आणून भिडवत. मंत्राचा सगळा जोर मंत्रावरच वळे. स्वतःभोवती फिरून फिरून तो दमे, विरून जाई, आणि मी जराशी कोमट होत असे.

"ज्यानं केलं त्याच्यावरच टाका ना वं बाई!" लोक आग्रह करत.

"आग इझवाची असते, शेजाऱ्याच्या घरात फेकाची नसते," बाई सुनावत. आणि कोणी साधा ताप घेऊन आलं, तर त्याला जिन्यावरूनच परत धाडत. "धंतोलीत डाक्टरले दाखव. माह्याकडं काहून आला?"

अशी माझी मालकीण होती. मला तिचा फार अभिमान वाटे.

बाईंना एकच मुलगी, गोपिका. तिनं मुरड शिकावी, असं बाईंच्या मनात होतं. पण पोरीनं नर्सचं शिक्षण घेतलं. धंतोलीतल्या एका दवाखान्यातून नोकरीचं पत्र आलं त्या दिवशी दोघींचं कडाक्याचं भांडण झालं. मी ओट्यावर उताणी पडले होते.

"मले नाई शिकाचं ते. मले माह्या हातानं लोकायले बरं कराचं हाय," गोपिका म्हणाली.

"जाय मंग!" बाई ओरडल्या. "तुह्या हातानं कोनाचंच भलं होनार नाई!"

ते शब्द माझ्यात पडले. जाणत्या माणसानं रागात बोललेलं वाक्य मंत्र होऊन बसतं, हे बाई साऱ्या जगाला सांगत. त्या दिवशी मात्र त्यांना ते आठवलं नाही. म्हणतात ना, लोका सांगे ब्रह्मज्ञान. गोपिका बॅग उचलून वसतिगृहात राहायला गेली.

चार महिन्यांनी ती परत आली, तेव्हा तिचे दोन्ही हात थरथरत होते. सुई धरली की शीर सापडत नव्हती. सगळ्या तपासण्या झाल्या, पण कशातच काही निघालं नाही. आठवड्याभरात हात सुधारले नाहीत, तर नोकरी जाणार होती.

बाई भांडण विसरल्या. त्यांनी मला चिंचेनं घासलं आणि लेकीच्या तोंडाशी धरलं. तीन संध्याकाळी मुरड घातली, तिन्ही वेळा अंगठा घसरला. मंत्राचं टोक भिडेचना. "कोन हाय हा मेला, एवढ्या जोराचा?" बाई चिडून म्हणत.

मित्रांनो, मला ठाऊक होतं! पण वाटीला ऐकता येतं, बोलता येत नाही. त्या तीन दिवसांत मला माझ्या जन्माचाच राग आला.

चौथ्या संध्याकाळी बाईंनी मला कानाशी लावलं. आतला आवाज त्यांनी नीट ऐकला आणि मला खाली ठेवून त्या लेकीकडे वळल्या.

"गोपे, तुले माहीत होतं?"

"होतं."

"मंग सांगितलं काहून नाई?"

"तू त्याले मेला मेला म्हणून शिव्या देऊन राहिली होती. तो तूच हाय, हे कसं सांगू, आई?"

आपल्याच मंत्राला मुरड घालायची, तर पहिला शब्द आपल्याच तोंडून पुन्हा काढावा लागतो, तोही समोरच्याच्या डोळ्यांत बघून. बायजाबाई कधी कोणापुढे वाकल्या नव्हत्या. त्यांनी मला गोपिकेच्या थरथरत्या ओंजळीत ठेवलं आणि माझ्या काठावर अंगठा टेकवला.

"तुह्या हातानं कोनाचंच भलं होनार नाई, असं मी म्हटलं. मीच म्हटलं, गोपे. माह्याच तोंडानं."

टोक भिडलं. मी कोमट नाही, तापून लाल होते की काय असं मला वाटलं. बाईंचा अंगठा भाजला, तरी त्यांनी तो उचलला नाही. मग माझ्या पोटातून टण्ण आवाज झाला आणि मी तडकले.

गोपिकेनं आधी आईच्या अंगठ्यावर पाणी ओतलं. नंतर फॉल लावायच्या साडीतली सुई उचलली, दोरा घेतला आणि पहिल्याच खेपेत ओवला. बाई त्या सुईकडे बघून ढसाढसा रडल्या.

पुढे मला मोडीत देण्याची गोष्ट निघाली, तेव्हा गोपिका आडवी आली. आता माझ्यात सुया आणि दोऱ्याची रिळं असतात. कधीकधी कपड्यांच्या ढिगाखाली मी महिनाभर विसरली जाते. त्याचं मला वाईट वाटतं, खोटं कशाला सांगू?

पण एक मागणं आहे, मित्रांनो. घरातली भांडी जपा, आणि त्याहून जास्त आपली जीभ जपा. तिच्यावरून सुटलेला शब्द परत वळवायला दुसऱ्या कोणाचा अंगठा चालत नाही.

रोज सकाळी गोपिका ड्यूटीवर निघते, तेव्हा बाई दाराशी उभ्या राहून म्हणतात, "जाय माय, तुह्या हातानं साऱ्यायचं भलं होवो." मी कपाटावरून ऐकते. तडकल्यापासून माझ्यात कोणाचेही शब्द अडकत नाहीत. ते तिच्याबरोबर जिना उतरून जातात.