चौथ्या वर्गाचा रेंगाळा

रेंगाळ्यांच्या मोजणी कार्यालयात वेळ पाळा अशी भली मोठी पाटी होती. तिच्याखालच्या बाकावर धाकटा सकाळपासून बसला होता. थोरल्या भावाला घ्यायला तो आला होता आणि त्याने घरातून एकच वाक्य तयार करून आणलं होतं. वाक्य जुनं होतं. नऊ वर्षं घासून घासून त्याने त्याला धार लावली होती.

रेंगाळे म्हणजे आकाशातले ते काळपट, आळशी गोळे. त्यांच्याजवळ गेलं की काळसुद्धा पाय ओढत चालतो. त्यांचे चार वर्ग. पहिल्या वर्गातल्याजवळ एक दिवस काढला तर इथे दोन दिवस उलटतात, दुसऱ्यातल्याजवळ आठवडा, तिसऱ्यातल्याजवळ महिना आणि चौथ्यातल्याजवळ तब्बल दीड वर्ष. आता चौथ्या वर्गात वर्षाला सहाच जागा मंजूर. थोरल्याच्या नशिबी आलेला रेंगाळा त्या वर्षीचा सातवा. मग त्याने काय करावं? जागा रिकामी होईपर्यंत कागदोपत्री दुसऱ्या वर्गात बसावं. रेंगाळा बिचारा बसला, त्याची काही तक्रार नव्हती. कागद बघून थोरला पंधरा दिवसांच्या मोजणीला गेला. हिशेबाने पंधरा आठवड्यांत घरी यायचा.

चूक कार्यालयाच्या लक्षात आली चौथ्या वर्षी. ती कागदावर दुरुस्त झाली अकराव्या वर्षी, आणि हे तर फारच लवकर झालं असं साहेबांचं मत होतं. परत बोलावण्याचा निरोप पाठवला का, असं धाकट्याने विचारलं तेव्हा उत्तर आलं की, निरोप पोचेपर्यंत आपले बंधू स्वतःच निघालेले असतील, सबब पाठवलेला नाही. बावीस वर्षं धाकट्याने हे असं शहाणपण ऐकून घेतलं. वडील आधीच गेलेले, त्यामुळे घर, आई, गळकं छप्पर, सगळं त्याच्या एकट्याच्या गळ्यात. आणि आईच्या तोंडी मात्र अष्टौप्रहर थोरला.

आतलं दार उघडलं. थोरला बाहेर आला. चौतिशीचा, दाट केसांचा, जाताना घातलेल्या त्याच निळ्या शर्टात. त्याने इकडेतिकडे पाहिलं आणि हसत पुढे आला.

"अहो काका, तुम्ही कशाला त्रास घेतलात? धाकट्याला पाठवायचं ना. झोपला असेल गाढव."

"गाढवच आलंय," धाकटा म्हणाला.

थोरला आणखी थोडा हसला. मग त्याची नजर धाकट्याच्या टकलावरून हनुवटीवरच्या व्रणापाशी आली. तो व्रण त्यानेच लहानपणी दगड मारून केला होता. हसू तिथेच थांबलं.

"किती?"

"बावीस वर्षं. वर सहा महिने."

थोरला मटकन बाकावर बसला. इथेच ते वाक्य काढायचं असं धाकट्याने ठरवलं होतं. पण खिडकीतल्या बाईंनी हाक मारली.

"घडामोडींचं पत्रक घ्या. नातेवाइकाने मोठ्याने वाचायचं, दोघांनी सह्या करायच्या, मग बाहेरचं दार उघडेल."

"मी तोंडीच सांगतो की."

"वाचायचं. सांगायला लागलं की लोक रडतात आणि मग आमचा वेळ जातो."

धाकट्याने पत्रक हातात घेतलं. अक्षरं मुंगीएवढी. त्याने खिसा चाचपला. सकाळी त्याने तीन शर्ट बदलले होते. भावासमोर फार म्हातारं दिसू नये म्हणून. चष्मा पहिल्या शर्टात राहिला होता. त्याने कागद लांब धरला, मग आणखी लांब. आता हात संपला, पण अक्षर काही लागेना.

"थांब," थोरला म्हणाला आणि पिशवीत हात घातला. "हा घे. आईचा आहे. दांडी बसवून आणली होती, पण गडबडीत माझ्याकडेच राहिला. सांभाळून हं, फुटला तर मला घरात घेणार नाही ती. आधीच निघताना भांडलोय. जाऊ नको म्हणत होती. मी म्हटलं, पंधरा आठवड्यांत काही जग बुडत नाही."

धाकट्याने चष्मा डोळ्यांवर चढवला. नंबर चपखल बसला.

पत्ता, बदल नाही. नोकरी, दीर्घ गैरहजेरीमुळे समाप्त. हे त्याने खणखणीत आवाजात वाचलं. तिसरी ओळ आईची होती. ती त्याने आधी मनात वाचली, जणू त्याला ठाऊकच नव्हती.

"आई," तो म्हणाला. "मयत. नऊ वर्षांपूर्वी."

खिडकीतल्या बाईंनी शिक्का शाईत बुडवला आणि त्या वाट बघत बसल्या.

"मी परवाच..." थोरला म्हणाला. "अरे, मी परवाच तिच्यावर ओरडलो."

आता ते वाक्य. जिभेच्या टोकावर होतं. आईने तुझ्या या चष्म्यापायी दुसरा करू दिला नाही, थोरला आणतोय ना म्हणत तेरा वर्षं आंधळ्यासारखी काढली, शेवटी माझा चेहराही तिला नीट दिसत नव्हता. एवढं बोललं की बावीस वर्षांची फेड झाली असती. धाकट्याने मान वर केली. चष्मा वाचायचा होता, त्यामुळे लांबचं सगळं धूसर. पण थोरला पत्रकावर वाकून अगदी जवळ आला होता. तेवढाच तो चेहरा स्वच्छ दिसला. धाकट्याच्या स्वतःच्या पोरीपेक्षा जेमतेम आठ वर्षांनी मोठा. ओठ लहान मुलासारखे थरथरत होते. धाकट्याला त्याची भयंकर दया आली, आणि दया आली म्हणून रागही आला.

"चष्म्याशिवाय तिचे हाल झाले असतील ना रे?"

"छे," धाकटा म्हणाला. "मी लगेच दुसरा करून दिला. रोज वाचायची. माझ्या चेहऱ्यावरची सुरकुती न् सुरकुती मोजायची."

"आणि माझ्यावर रागावली होती?"

"तुझ्यावर? ती कधी रागावली होती तुझ्यावर? राग सगळा माझ्या वाट्याला." हे मात्र खरं होतं, म्हणून सहज बाहेर पडलं.

दोघांनी सह्या केल्या. बाईंनी शिक्का मारला. दार उघडलं. थोरल्याने चष्म्यासाठी हात पुढे केला.

"दे. पिशवीत ठेवतो. आता कोणाला लागणार आहे?"

"राहू दे," धाकटा म्हणाला. डोळ्यांवर आईचा चष्मा तसाच ठेवून, समोरची पायरी धड दिसत नसताना, तो थोरल्याचा हात धरून खाली उतरू लागला.