भिंतीला टेकलेली खुर्ची

मी एउदोसियाबाईंच्या दारातली खुर्ची बोलतेय. लाकडाची चौकट, बुडाला आणि पाठीला गाईचं कातडं, एवढंच माझं भांडवल. सीनू नदीकडच्या आमच्या गावात खुर्चीवर सरळ कुणी बसत नाही. ती भिंतीला टेकवायची, पुढचे पाय अधांतरी, मग रेलायचं. चारी पाय जमिनीवर फक्त पाद्री आले की, नाहीतर सरकारी माणूस.

मला त्यातून एक कळलंय. सरळ बसलेल्यापुढे माणसं उत्तरं देतात, रेललेल्याशी बोलतात.

उन्हाळ्यात विद्यापीठातून नोओरा आली. हातपंप कुठे बसवायचा, यासाठी घरोघर विचारत होती. त्रास सांगेल त्या आळीला पंप. माझ्यावर ताठ बसली, रेकॉर्डर लावला.

"मावशी, पाण्याचा त्रास आहे का?"

"छे गं! देवाची कृपा आहे. कॉफी घे."

पाहुण्यापुढे रडगाणं गाऊ नये, ही इथली रीत. सगळ्या आळीने हेच सांगितलं होतं. म्हणजे पंप आमच्याकडे न येता गावच्या चौकात जाणार. कॉफीचं पाणी तळ्यावरून आणणारी नवी सून, युरानिस, दारात घडा घेऊन उभी होती.

नोओराने रेकॉर्डर बंद केला आणि दमून मागे रेलली. मागे भिंत नव्हती. आम्ही दोघी आडव्या.

"अगं बाई! एवढी शिकलीस, पण टेकायला नाही का शिकवलं कुणी?" एउदोसियाबाई पोट धरून हसल्या.

युरानिसने मला उचलून भिंतीला लावलं. "आता बसा, ताई."

"तूही बस ना."

"तळ्यावर जायचंय."

"लांब आहे?"

"जाताना नाही. येताना आहे."

मग ती बोलायला लागली. त्याच पाण्यात गुरं उतरतात, निसरड्या काठावर घडा फुटतो, कंबर मोडते. सासूबाई ऐकत राहिल्या.

"हे लिहू का?" नोओराने विचारलं.

युरानिसने सासूकडे पाहिलं. नोओराचं पेन हवेत, माझे पुढचे पायही.

"लिही," एउदोसियाबाई म्हणाल्या. "पण नाव माझं घाल. नवी सून आली नि गाऱ्हाणी गाते, असं म्हणेल गाव. म्हातारीला कोण काय बोलणार?"

मग त्यांनी शेजारणींनाही हाका मारल्या. त्या दुपारी सगळी आळी बोलली.

आता माझं कातडं सैल पडलंय, एक पाय कुरकुरतो. कुणी काही विचारायला येणार असाल तर जरूर या. फक्त आधी मला भिंतीला टेकवा.

पंप आमच्याच आळीत आला. अहवालात कंबर सासूबाईंची दुखते. पाणी अजून सूनच भरते. पण येतानाची वाट आता जातानाइतकीच आहे.