उसनं निशाण

“मंग? देलं का अमेरिकेवाल्यायनं वापस?”

देवसिंग खाटेवर उठून बसला. नात निकिता मोबाइलवरून वाचून दाखवत होती. दीडशे वर्षांपूर्वी कोरियाच्या एका सेनापतीचं भलंमोठं निशाण अमेरिकी सैनिकांनी लढाईत हिसकावलं. सेनापती लढता लढता मेला, आणि निशाण सातासमुद्रापार गेलं.

“उसनं देलं, आबा. काही वर्सं ठेवू देलं, मंग पुन्हा नेलं.”

“उसनं का व्हयना, देलं ना!”

झालं! म्हाताऱ्याच्या डोक्यात किडा वळवळायला लागला.

पुसदच्या अलीकडचा हा बंजाऱ्यांचा तांडा. पंचेचाळीस वर्षांपूर्वी होळीला मिरवणुकीच्या वाटेवरून नाल्यापलीकडच्या तांड्याशी मारामारी झाली, आणि ऐन विशीतल्या देवसिंगच्या हातातून त्यांनी तांड्याचं पांढरं निशाण ओढून नेलं. त्याचा बाप नायक, तांड्याचा कर्ता माणूस. भर पंचांत बोलून बसला, “येईन तं तेच येईन, नाही तं खांब असाच राहीन.” बाप गेला, शब्द मागे राहिला. देवळापुढचा निशाणाचा खांब तसाच उघडा. नायकपण घरातून गेलं ते गेलंच, वर लग्नाकार्यात कोणीतरी हटकून म्हणायचं, “निशान सोडनारा आला पहा.” देवसिंग जेवण अर्धं टाकून उठायचा. समोरच्या टेकडीवर, त्या तांड्यात, ते निशाण त्याला रोज दिसे. एवढे पावसाळे खाऊनही पांढरंशुभ्र! “सत्त्व हाय त्याच्यात,” तो बायकोला, मैनाबाईला सांगायचा.

आता पोटात पाणी झालं होतं. डॉक्टरनं हात टेकले होते. मरायच्या आधी ते एकदा खांबावर चढलेलं पाहायचं, एवढंच मागणं उरलं होतं. रामनवमी आठ दिवसांवर होती. तो काठी टेकत नाला ओलांडून त्या तांड्यात गेला.

निशाण ओढणारा नेमसिंगही आता म्हातारा झालेला. त्यानं खुर्ची दिली, चहा सांगितला. देवसिंगनं पंचेचाळीस वर्षांत पहिल्यांदा त्याच्यापुढे हात जोडले.

“उसनं दे. रामनवमीपुरतं. एक डाव चढू दे, मंग मी सोता आनून देतो.”

“कोनतं निशान, भाऊ?”

“होळीतलं! तूच तं ओढलं होतं मायाच हातातून.”

नेमसिंगला आठवायला वेळ लागला. “अरे, ते? ते तं त्याच साली गेलं. दर रामनवमीले कापड बदलवतो ना आपन, जुनं नदीत सोडतो. हे वरचं मागच्या साली पुसदच्या बजारातून आनलं. काहून, तुमच्याइथं नाही बदलवत?”

बदलवत होते की! बाप स्वतः बदलायचा आणि जुनं कापड डोक्यावर घेऊन नदीवर कोण जायचं? पोरगा देवसिंगच. पण नेलेल्या निशाणाचंही तेच होणार, हे एवढ्या वर्षांत ना त्याला सुचलं, ना बापाला, ना तांड्यातल्या एकाही शहाण्याला. अरे देवा, मग खांब कशाच्या नावानं उघडा ठेवला? त्याला हंबरडा फोडावासा वाटला.

“हेच घेऊन जा, भाऊ. कायमचं,” नेमसिंग दोरी सोडायला उठला. “कवाचं भांडन ते, आता कायले?”

“नको,” देवसिंग म्हणाला आणि चहा तसाच ठेवून निघाला.

तो परतला तेव्हा देवळापुढे सगळा तांडा जमला होता. डफही आणला होता. मैनाबाई पुढे झाली. “काय म्हने तो?”

देवसिंगनं सगळ्यांकडे पाहिलं. त्याच्याबरोबर म्हातारी झालेली माणसं होती, बापाचा शब्द पाळत आलेली. खरं सांगायला त्यानं तोंड उघडलं.

“नाही देत म्हने.”

“मुडदा बशिवला त्याचा!” मैनाबाई कडाडली. “बिमार मानसाले खाली हातानं धाडलं!” पोरं मुठी वळून टेकडीकडे पाहायला लागली. पाहून घेऊ म्हणाली.

घरी आणून तिनं त्याला ओट्यावर बसवलं, ऊन पाणी आणलं आणि नेमसिंगच्या सात पिढ्या उद्धरत त्याचे सुजलेले पाय धुवायला बसली. एक पाय झाला. देवसिंगनं दुसरा पुढे केला.